उघड्या आभाळाखालील विवाह : रंगांची निवड

सभागृहात होणारा विवाह आणि अंगणात, आमराईत किंवा नदीकाठी होणारा विवाह यांत एक मूलभूत फरक आहे. सभागृहाच्या भिंती बहुधा कोऱ्या असतात. तेथे जो रंग आणावा तोच दिसतो. उघड्यावर मात्र माणसे येण्यापूर्वीच रंगांची मांडणी होऊन गेलेली असते. झाडांचा हिरवा, मातीचा काळा किंवा तांबूस, वाळलेल्या गवताचा पिवळट आणि आकाशाचा निळा हे रंग तेथे आधीपासून उपस्थित असतात. ते बदलता येत नाहीत. आणि कापडाने झाकून टाकायचे म्हटले, तर उघड्यावर विवाह करण्याचे प्रयोजनच उरत नाही.

असे असूनही घरोघरी हा विषय सामान्यतः उलट्या क्रमाने हाताळला जातो. प्रथम निमंत्रणपत्रिकेचा रंग ठरतो, त्यावरून मांडवाचे कापड ठरते, मग नातेवाइकांची वस्त्रे, आणि अखेरीस हे सारे एखाद्या झाडाखाली नेऊन मांडले जाते. परिणामी पुष्कळ खर्च होऊनही सारे दृश्य उपरे वाटते. साधा व मोकळा विवाह योजणाऱ्यांनी हा क्रम फिरवून घेणे इष्ट ठरते. प्रथम जागा, नंतर वेळ, त्यानंतर माणसे आणि सर्वांत शेवटी खरेदी, या क्रमाने विचार केला, तर बरेचसे निर्णय आपोआप होतात आणि पुष्कळ वस्तू विकत घेण्याची गरजच राहत नाही.

जागेचे रंग

कोणताही रंग एकटा दिसत नाही; तो शेजारच्या रंगासह दिसतो. ही गोष्ट शास्त्रीय पद्धतीने प्रथम विस्ताराने मांडली ती मिशेल युजीन शेव्हरल या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने. पॅरिस येथील गोबलँ या प्रसिद्ध विणकामशाळेत १८२४ साली रंगविभागाचा प्रमुख म्हणून त्याची नेमणूक झाली. तेथील काळ्या धाग्याला पुरेसा गडदपणा नाही, अशी तक्रार त्याच्याकडे आली. तपासाअंती असे आढळले, की धाग्याच्या रंगात दोष नव्हता. निळ्या व जांभळ्या धाग्यांच्या शेजारी विणल्यामुळे तो काळा रंग फिका भासत होता. या निरीक्षणातून निघालेले सान्निध्याचे नियम त्याने १८३९ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले. परस्परविरोधी रंग शेजारी आले असता एकमेकांना अधिक तीव्र करतात, हा त्यांतील एक प्रमुख नियम होय.

आमराईतील विवाहास हा नियम थेट लागू पडतो. लाल आणि हिरवा हे असे विरोधी रंग असल्यामुळे दाट पानांच्या पार्श्वभूमीवर लाल वस्त्र आहे त्याहूनही अधिक लाल दिसते. म्हणून तेथे लाल रंग थोडा असला तरी पुरतो. सर्वत्र पसरला, तर डोळा थकतो. उलटपक्षी, मांडवासाठी हिरवे कापड निवडणे जोखमीचे असते. पानांचा हिरवा सूर्यप्रकाशात क्षणोक्षणी बदलत असतो. कापडाचा हिरवा स्थिर असतो. दोन्ही शेजारी आले म्हणजे कापडाचा कृत्रिमपणा उघडा पडतो. जेथे झाडे आहेत तेथे हिरवा रंग हिशेबात आधीच धरलेला असावा. तो पुन्हा विकत आणण्याचे कारण नाही.

ऋतूचाही विचार येथेच करावा लागतो. माघ-फाल्गुनात पळस फुलतो तेव्हा शेंदरी रंग निसर्गच पुरवतो. चैत्र-वैशाखात बहावा पिवळ्या घोसांनी लगडतो. थंडीच्या अखेरीस पंजाबातील शेते मोहरीच्या फुलांनी पिवळी होतात. ज्या जागी असे फुललेले झाड किंवा शेत असेल, तेथे त्याच रंगाच्या माळा बांधण्यापेक्षा त्या फुलोऱ्याकडे पाहुण्यांचे तोंड होईल अशी बैठक मांडणे अधिक शहाणपणाचे ठरते.

अंतराचा मुद्दाही दुर्लक्षिण्याजोगा नाही. दुकानात हातात धरून पाहिलेले बारीक नक्षीचे कापड तीस-चाळीस पावलांवरून वेगळेच दिसते. लाल व हिरव्या बुट्ट्या दुरून एकमेकींत मिसळून मळकट तपकिरी भासतात. यास्तव हातभर लांबीचा तुकडा प्रत्यक्ष जागी टांगून प्रथम दहा व नंतर तीस पावलांवरून पाहावा.

उजेड आणि वेळ

भर दुपारच्या उन्हात प्रकाशाची तीव्रता सुमारे १,००,००० लक्स इतकी असते. रात्री दिवा लावलेल्या घरातील खोलीत ती बहुधा १०० ते २०० लक्सच्या आसपास असते. इतक्या प्रखर उजेडात फिके गुलाबी किंवा फिके निळे रंग धुऊन गेल्यासारखे दिसतात, तर राणी, शेंदरी, हळदी असे भरीव रंग टिकून राहतात. राजस्थान व कच्छ यांसारख्या रखरखीत उन्हाच्या प्रदेशांतील पागोटी आणि ओढण्या भडक वाटत नाहीत, याचे एक कारण तेथील उजेड हेच होय.

माथ्यावरील चांदव्याचा रंग ही स्वतंत्रपणे विचार करण्याची बाब आहे. उन्हात बांधलेले रंगीत कापड गाळणीसारखे काम करते. लाल चांदव्याखाली बसलेल्या प्रत्येकाचा चेहरा लाल, हिरव्याखाली बसलेल्याचा आजारी आणि निळ्याखाली बसलेल्याचा निस्तेज दिसतो. वधूच्या वस्त्रावर केलेला सारा विचार तेथे व्यर्थ जातो. सावलीसाठी कापड लावावयाचेच असेल, तर ते पांढरे किंवा न रंगवलेले असावे.

विवाहाचा मुहूर्त गोरज असेल, तर आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी लागते. प्रखर उजेडात मानवी डोळ्यातील शंकुपेशी काम करतात. अंधारू लागले, की ते काम हळूहळू दंडपेशींकडे जाते. या दंडपेशींना लाल प्रकाशाची जाणीव जवळजवळ होत नाही. निळ्या-हिरव्या प्रकाशाची मात्र चांगली होते. म्हणून दुपारी झळाळणारे लाल फूल संधिप्रकाशात काळपट दिसू लागते आणि त्याची पाने तुलनेने उजळ वाटतात. यान पुरकिन्ये या बोहेमियातील शरीरशास्त्रज्ञाने १८२५ साली हे वर्णन प्रसिद्ध केले आणि आजही हा परिणाम त्याच्याच नावाने ओळखला जातो. गर्द लाल शालू नेसलेली वधू सूर्यास्तानंतर काही वेळाने मळकट काळ्या वस्त्रात असल्यासारखी का दिसते, याचे उत्तर या परिणामात आहे. वस्त्र बदलणे हा त्यावरील उपाय नव्हे. उजेडाची तजवीज करणे हा आहे. समईच्या व तेलाच्या दिव्यांच्या प्रकाशात लाल-पिवळ्याचा अंश भरपूर असतो. वधूवरांच्या निकट असे दिवे वेळेवर लागले, तर लाल रंग पुन्हा सजीव होतो. याउलट, हलक्या प्रतीच्या पांढऱ्या एलईडी दिव्यांत गडद लालाचा अंश अपुरा असल्याने त्यांच्या उजेडात तोच शालू तपकिरी दिसतो.

वस्त्रांची परंपरा

भारतात विवाहाचा रंग लाल आणि शोकाचा पांढरा, अशी ढोबळ समजूत आहे. देशाच्या निरनिराळ्या भागांकडे पाहिले असता ती टिकत नाही. बंगाली वधू लाल बनारसी नेसते हे खरे. परंतु केरळात सोनेरी काठाचे मळकट पांढरे कसवू वस्त्र मंगलकार्यातच नेसले जाते. आसामात वधूच्या अंगावर पांढरट पाट रेशमाची किंवा नैसर्गिक सोनेरी मुगा रेशमाची मेखला-चादर असते. पारशी वधू पांढरी साडी नेसते. कोडगू प्रदेशात वधू लाल रेशमी साडीत आणि वर पांढऱ्या कुप्यात, म्हणजे गुडघ्यापर्यंतच्या अंगरख्यात असतो. गुजरातेत मामाकडून येणारे पानेतर पांढरे असून त्याचे काठ लाल असतात. सासरकडून येणारे घरचोळे मात्र लाल किंवा हिरवे असते. महाराष्ट्रात वधू पिवळी अष्टपुत्री नेसते, हिरवा चुडा भरते. आणि काळा रंग अशुभ मानणारी तीच मंडळी मंगळसूत्रात काळे मणी ओवतात. तात्पर्य, कोणताही रंग स्वभावतः शुभ किंवा अशुभ नसतो. तो अर्थ एका समाजाने, एका प्रदेशाने त्याला दिलेला असतो.

मणिपुरातील मैतेई समाजाचे उदाहरण उघड्यावरील विवाहाच्या दृष्टीने विशेष उद्बोधक आहे. तेथे विवाह परंपरेने वधूच्या घराच्या अंगणात होतो. निमंत्रित स्त्रिया फिक्या गुलाबी रंगाचे फनेक आणि वर पांढरी तलम इनाफी परिधान करतात. पुरुष पांढरे धोतर व सदरा घालतात. या सौम्य समुदायात वधूचे भरजरी पोटलोई हेच काय ते ठळक. येथे रंगांची योजना सजावटकाराने केलेली नाही. ती समाजाच्या शिष्टाचारातून घडलेली आहे.

पूर्वी अशी संगती सहज साधत असे, यामागे रंगद्रव्यांचेही कारण होते. मोहेंजोदडो येथील उत्खननात मंजिष्ठाच्या जातीच्या मुळांनी रंगवलेला सुती कापडाचा तुकडा सापडला आहे. इतकी ही कला जुनी आहे. मंजिष्ठ किंवा आल यांच्या मुळांपासून लाल, निळीपासून निळा, हळदीपासून व डाळिंबाच्या सालीपासून पिवळा असा प्रत्येक प्रदेशाचा रंगसाठा मर्यादित असे आणि त्या सर्वच छटांत थोडा मातकटपणा असे. इंग्लंडमध्ये विल्यम पर्किन याने १८५६ साली जांभळा कृत्रिम रंग तयार केला; १८९७ साली जर्मनीत तयार झालेली कृत्रिम नीळ बाजारात आली. त्यानंतर कोणताही रंग कोठेही आणि स्वस्तात मिळू लागला. ही सोय मोठीच. परंतु निवडीची जबाबदारीही तेव्हापासून माणसावर आली. पूर्वी जे काम झाडाच्या मुळांनी आणि सालींनी केले, ते आता विचाराने करावे लागते.

माणसांचा विचार

रंगयोजनेत सर्वांत कमी विचार होतो तो निमंत्रितांचा. सर्वांनी अमुकच छटेची वस्त्रे घालावीत, असे कळवले म्हणजे छायाचित्र चांगले येते. परंतु ज्या नातेवाइकांच्या घरी चार माणसे आहेत, त्यांना एका दिवसासाठी चार नवी वस्त्रे घ्यावी लागतात. काहीजण ती उसनवारीने घेतात, काहीजण प्रकृतीचे निमित्त सांगून येणेच टाळतात. यास्तव एका छटेऐवजी एक पट्टा सांगावा. उदाहरणार्थ, पांढऱ्यापासून हळदी पिवळ्यापर्यंत काहीही चालेल, असे सांगितले, तर बहुतेकांच्या पेटीत त्यांतील काहीतरी आधीच असते. थोड्या थोड्या निराळ्या छटा उघड्यावर एकसारख्या कापडापेक्षा अधिक शोभतात, कारण झाडाची पानेही एका छटेची नसतात.

दुसरी बाब अधिक नाजूक आहे. विवाहातील रंग आजवर कोणाला पुढे बोलवायचे आणि कोणाला मागे ठेवायचे, हेही सांगत आले आहेत. अनेक समाजांत विधवा स्त्रीला कुंकू, हिरव्या बांगड्या आणि रंगीत वस्त्र वर्ज्य मानले गेले. त्यामुळे लाल-हिरव्याने भरलेल्या मांडवात तिचे फिके लुगडे दुरूनच ओळखू येई. कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड या गावाच्या ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवांच्या बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे इत्यादी प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात राज्य शासनाने इतर ग्रामपंचायतींनाही त्याचे अनुकरण करण्यास सुचवले. ठरावाने प्रथा एका दिवसात जात नाही, आणि रंगांच्या निवडीने तर नाहीच. तथापि रंगांची निवड अशा प्रथेला हातभार लावणार की नाही, हे ठरवणे प्रत्येक कुटुंबाच्या हाती असते.

एक उदाहरण

वरील सर्व मुद्दे एकत्र पाहण्यासाठी एक कल्पित उदाहरण घेता येईल. दक्षिण गुजरातेत नवसारीजवळील एका आमराईत फेब्रुवारीच्या आरंभी विवाह व्हावयाचा आहे. वधू गुजराती, वर केरळीय. मुहूर्त गोरज आहे; सूर्यास्त साडेसहाच्या सुमारास होतो. घरच्यांनी प्रथम मांडववाल्याकडील नमुने पाहून राणी आणि आकाशी अशी जोडी निवडली आहे. वधूची आजी विधवा असून कित्येक वर्षे पांढरे नेसते. मांडवाच्या कडेला बसणे तिच्या अंगवळणी पडले आहे.

आता क्रमाने विचार करावा. जागेत गर्द हिरवी पाने, पिवळट-तपकिरी मोहर आणि काळी जमीन आहे. आकाशी रंगाला येथे कशाचाच आधार नाही. वेळ पाहिली, तर सूर्य मावळताच राणी रंग काळवंडू लागेल आणि आकाशी अवाजवी उठून दिसेल. म्हणजे वधूवरांकडे जाणारी दृष्टी चांदव्याकडे जाईल. माणसे पाहिली, तर पानेतराचा मूळ रंग पांढरा आणि केरळीय वराच्या मुंडूचाही मूळ रंग पांढराच. एकाच्या काठाला लाल, दुसऱ्याच्या काठाला सोनेरी. दोन दूरच्या प्रांतांची वस्त्रे आधीच एकमेकांशी जुळलेली आहेत. बाहेरून तिसरा रंग आणण्याचे कारणच उरत नाही.

यावरून योजना अशी निघते. पाया न रंगवलेल्या पांढऱ्याचा; त्यासाठी मांजरपाटाच्या काही लांब पट्ट्या झाडांच्या बुंध्यांमधून ओढलेल्या. पानांची सावली असल्यामुळे माथ्यावर चांदवा नाही. सोबतीला मोहराशी व कसवूच्या काठाशी जुळणारा हळदी-सोनेरी. तो वेदीभोवतीच्या झेंडूच्या माळांतून येतो. लाल अगदी थोडा. पानेतराच्या काठात, मामाच्या पागोट्यात आणि आंतरपाटावरील स्वस्तिकात. डोळ्यासमोरच्या साऱ्या कापडाचे दहा भाग मानले, तर सुमारे सात भाग पांढरा, अडीच भाग पिवळा आणि अर्धा भाग लाल, असे हे प्रमाण होते. हिरव्याचा हिशेब आमराईने केलेलाच आहे. लाल रंग काळवंडू नये म्हणून माळा घालण्याचा विधी सूर्यास्तापूर्वी पुरा करावा आणि नंतर वेदीच्या चारी कोपऱ्यांवर समया लावाव्यात. समईचा उजेड पांढऱ्या कापडावर पडून सौम्यपणे परततो; गडद कापडाने तो शोषून घेतला असता.

या योजनेत आजीच्या वस्त्राचा स्वतंत्र उल्लेख करावा लागत नाही. वधू, वर, मामा, पाहुणे आणि मांडव यांचा पाया जो रंग आहे, तोच तिच्या अंगावर आहे. कालपर्यंत जो रंग तिला वेगळे काढत होता, तोच येथे सर्वांचा समान रंग होतो. तिला कडेची जागा सोडून वेदीजवळ बसवावयाचे की नाही, हा निर्णय अर्थातच कापड करू शकत नाही. तो घरच्यांनी करावयाचा असतो. परंतु तो केला, तर डोळ्याला त्यात काही खटकणारे उरत नाही.

थोड्यात सौंदर्य

अशी योजना गरिबीची वाटेल, अशी शंका पुष्कळांना येते. तिचे उत्तर देणारी दोन उदाहरणे भारताच्या अलीकडील इतिहासात आहेत. डिसेंबर १९३६ मध्ये खानदेशातील फैजपूर येथे काँग्रेसचे अधिवेशन भरले. खेड्यात भरलेले ते पहिलेच अधिवेशन. तेथील सजावटीचे काम गांधीजींनी शांतिनिकेतनातील चित्रकार नंदलाल बसू यांच्याकडे सोपवले आणि गावात मिळणारी सामग्रीच वापरावी, अशी अपेक्षा ठेवली. बांबू, चटया, गवत यांतूनच ती नगरी उभी राहिली. पुढे फेब्रुवारी १९३८ मध्ये सुरत जिल्ह्यातील हरिपुरा येथे भरलेल्या अधिवेशनासाठी बसू व त्यांच्या सहकाऱ्यांनी ग्रामजीवनावरील चित्रफलक मुख्यत्वे मातीच्या रंगांत रंगवले. हे फलक आज भारतीय कलेचा मोलाचा ठेवा मानले जातात. जागेच्या रंगांशी भांडण न करता त्यांतच भर घालावी, हे तत्त्व हजारोंच्या मेळाव्याला पुरले. ते दोनशे माणसांच्या विवाहाला खचितच पुरेल.

सारांश, खरेदीला निघण्यापूर्वी कुटुंबाने तीन गोष्टी कराव्यात. मुहूर्ताच्या वेळी त्या जागी जाऊन तासभर बसावे आणि तेथे कोणते रंग आधीच आहेत, ते टिपून ठेवावे. वधूवरांची पारंपरिक वस्त्रे एकमेकांशेजारी ठेवून त्यांतील समान रंग शोधावा. आणि ज्या व्यक्तीला समारंभात सर्वांत परके वाटण्याचा संभव आहे, तिच्या अंगावर त्या दिवशी कोणता रंग असेल, हे आठवावे. या तीन टिपणांतून जे रंग निघतील, त्यांत पुढे फारशी भर घालावी लागत नाही.